बार्शीचा मेहबूब पटेल, महाराष्ट्राचा शाहीर अमर शेख

आम्ही नाशिकला शिकवतो. हल्ली मुलांच्या मोबाइलवर इंडोनेशियाची गाणी सर्रास वाजतात. हिजाब घातलेल्या गायिका आपल्या हिंदी सिनेमाची गाणी गातात, याची पोरांना भारी गंमत वाटते. तिथला ‘दांगदुत’ नावाचा प्रकार तर ढोलकीसारख्या वाद्याच्या ठेक्यावरूनच ओळखला जातो. ऱ्होमा इरामा या गायकाने १९७०च्या दशकात त्यात गिटार आणली, दीनाच्या आणि गरिबांच्या गोष्टी आणल्या आणि गल्लीतलं गाणं देशभर नेलं. छान आहे. पण त्याच्या कितीतरी आधी आपल्याच महाराष्ट्रात एका मुस्लिम गायकाने डफावर थाप मारून मैदानंच्या मैदानं जागी केली होती, हे किती घरांत माहीत आहे?

त्यांचं नाव मेहबूब हुसेन पटेल. जन्म २० ऑक्टोबर १९१६, बार्शी, जिल्हा सोलापूर. घरची गरिबी. वालिदा मुनेरबी यांच्याकडून लोकगीतं कानावर पडली, तीही मराठीत. मुसलमानाच्या घरात मराठी कुठून आली, असं आजही आपल्याला विचारलं जातं. त्याचं उत्तर मुनेरबींच्या घरात आहे. ही भाषा त्या घराला कुणी बाहेरून आणून दिलेली नव्हती.

मेहबूबने मोटारीवर क्लीनरचं काम केलं, मग गिरणीत मजुरी केली. गिरणीच्या संपात पुढे झाला म्हणून तुरुंगवासही घडला. पुढे कोल्हापूरला मास्टर विनायक यांच्या चित्रपट कंपनीत गेले आणि तिथेच त्यांना ‘अमर शेख’ हे नाव मिळालं. नाव बदललं, पण त्यातलं ‘शेख’ शेवटपर्यंत राहिलं. आम्हाला ही बाब महत्त्वाची वाटते.

१९४४ साली अण्णा भाऊ साठे आणि द. ना. गवाणकर यांच्यासोबत त्यांनी ‘लाल बावटा कलापथक’ उभं केलं. एक मातंग समाजातला, एक शेख, एक गवाणकर. तमाशा, पोवाडा, लावणी, म्हणजे लोकांच्या करमणुकीचे जे प्रकार शिकलेली मंडळी हलके समजत, तेच त्यांनी कामगारांच्या चाळींसमोर नेले. पक्ष कम्युनिस्ट होता. त्यांच्या विचारांशी प्रत्येकाचं जमेलच असं नाही. पण आवाजाशी कुणाचं वाकडं नव्हतं.

संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीत हा आवाज खरा कामी आला. अण्णा भाऊंनी लिहिलेली ‘माझी मैना’ ही छक्कड अमर शेखांनी गावोगाव पोचवली. मुंबईत पोटासाठी आलेल्या माणसाला गावी राहिलेली बायको आठवते, आणि त्याच विरहात बेळगाव-कारवारचं दुःख मिसळतं. भाषणाने जे समजवायला तासभर लागायचा, ते गाण्यात काही मिनिटांत व्हायचं. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र झाला. बेळगाव-कारवार मात्र बाहेरच राहिले. गोवा मुक्तीच्या लढ्यासाठीही ते गायले.

ते नुसते गाणारे नव्हते. ‘कलश’ आणि ‘धरतीमाता’ हे त्यांचे कवितासंग्रह, ‘पहिला बळी’ हे नाटक. ‘महात्मा फुले’ आणि ‘प्रपंच’ या चित्रपटांत त्यांनी भूमिकाही केल्या. ‘प्रपंच’मधला गरीब, कुटुंबाच्या ओझ्याखाली दबलेला बाप ज्यांनी पाहिला, त्यांना तो विसरता येत नाही.

पैसा काही त्यांच्याकडे टिकला नाही. २९ ऑगस्ट १९६९ रोजी इंदापूरजवळ मोटार अपघातात त्यांचा इंतेकाल झाला. वय अवघं ५२. मुलगी मलिका अमर शेख पुढे मराठीतली नावाजलेली कवयित्री झाली. मुंबई विद्यापीठात त्यांच्या नावाचं अध्यासन आहे, आणि तिथे लोककला शिकवल्या जातात.