मूकपटाची अबोल नायिका

चिनी मूकपटांची सम्राज्ञी रुआन लिंगयू हिचा जन्म १९१० साली शांघायमध्ये झाला. वडील लवकर वारले. आईने मोलकरणीचे काम करून तिला वाढवले. सोळाव्या वर्षी तिने मिंगशिंग कंपनीतून रुपेरी पडद्यावर पाऊल ठेवले आणि पुढे लिआनहुआ कंपनीत तिची कला बहरली. १९३४ च्या ‘देवी’ चित्रपटात मुलाच्या शिक्षणासाठी देहविक्रय करणारी माता तिने केवळ मुद्राभिनयातून जिवंत केली. ‘नवी स्त्री’ हा चित्रपट आय शिया या अभिनेत्रीच्या आत्महत्येवर बेतलेला होता. त्यातील पत्रकारांच्या चित्रणाने वृत्तपत्रे खवळली. त्यातच पूर्वीच्या जोडीदाराने तिला न्यायालयात खेचले आणि वृत्तपत्रांनी तिच्या खासगी आयुष्याची लक्तरे वेशीवर टांगली. ८ मार्च १९३५ रोजी, महिलादिनी, अवघ्या २४ वर्षांच्या रुआनने जीवन संपवले. तिच्या अंत्ययात्रेला शांघायचे रस्ते माणसांनी भरून गेले.