वरंगळची रुद्रमादेवी

हेमाडपंतांचे नाव ठाऊक नसलेला सुशिक्षित महाराष्ट्रात विरळाच. मात्र या यादवमंत्र्याच्या ‘चतुर्वर्गचिंतामणी’तील राजप्रशस्तीत आंध्रदेशाच्या एका राज्यकर्तीचा ओझरता उल्लेख आहे, हे सहसा कोणाच्या ध्यानी नसते. देवगिरीच्या महादेवराय यादवाने तिला स्त्री म्हणून अभय दिले, असा त्या उल्लेखाचा आशय. ती राज्यकर्ती म्हणजे वरंगळच्या काकतीय घराण्यातील रुद्रमादेवी.

तिचा पिता गणपतिदेव यास पुत्र नव्हता. त्याने कन्येसच राज्यकारभारात सहभागी करून घेतले व इ. स. १२६२ च्या सुमारास ती सत्तारूढ झाली. चालुक्य कुळातील वीरभद्राशी तिचा विवाह झाला होता. परंतु राजदंड तिच्याच हाती राहिला. कित्येक कोरीव लेखांत तिचा निर्देश ‘रुद्रदेव महाराज’ अशा पुरुषी नावाने येतो. सिंहासनावर स्त्री असणे ज्या काळास मानवत नव्हते, त्या काळाशी केलेली ही तडजोड होती.

यादवांच्या स्वारीविषयी तेलुगू परंपरा नेमके उलट सांगते. तिच्या मते रुद्रमादेवीने शत्रूचा देवगिरीपर्यंत पाठलाग करून खंडणी वसूल केली. दोन्ही बाजूंची अतिशयोक्ती वजा केली, तरी बीदरच्या किल्ल्यात सापडलेला तिचा शिलालेख उरतोच. दयेवर जगलेल्या राणीचा लेख यादवांच्या सीमेवर कसा आढळावा?

वरंगळची तटबंदी तिने भक्कम केली, तिच्याभोवती मातीचा विस्तीर्ण कोट उभारला. उच्च कुळाचा वारसा नसलेल्या पराक्रमी पुरुषांना नायकपदे दिली. पित्याने व तिने दिलेल्या ग्रामदानांच्या उत्पन्नातून मठाबरोबर पाठशाळा, रुग्णालय व प्रसूतिगृहही चालावे, अशी व्यवस्था १२६१ च्या मल्कापुरम् शिलालेखात नोंदलेली आहे.

अखेरच्या वर्षांत अंबदेव या मांडलिकाने बंड केले. १२८९ च्या चंदुपटला येथील लेखात, दिवंगत राणीस व तिचा सेनापती मल्लिकार्जुन नायक यास पुण्य लाभावे म्हणून एका पायदळ शिपायाने केलेल्या भूमिदानाची नोंद आहे. त्यावरून दोघे रणांगणी पडले असावेत, असा अभ्यासकांचा तर्क आहे. तिच्यामागे नातू प्रतापरुद्र गादीवर आला.

राजाश्रित पंडिताने तिला अबला ठरविले. साध्या शिपायाने मात्र तिच्या नावे आपली भूमी दिली. राज्यकर्त्याची योग्यता ठरविताना यांपैकी कोणाची साक्ष अधिक मोलाची मानावी, हे सांगण्याची आवश्यकता नाही.