काफ्काची पत्रं ज्याच्या हाती सोपवली, तो लेखक मुंबईत येऊन हिंदी सिनेमे लिहित होता

आकाशवाणीची सकाळची ती धून आठवते ना? सातपुड्याच्या पाड्यापासून कोकणापर्यंत रेडिओ लावला की आधी तीच वाजायची. ती बांधण्याचं श्रेय वॉल्टर कॉफमन यांना दिलं जातं. हिटलरच्या काळात मुंबईत आलेला हा ज्यू संगीतकार आता बऱ्याच जणांना माहितीये. पण त्याच्या मागोमाग आलेला एक पटकथालेखक मात्र पार विसरला गेला.

नाव विली हास.

१८९१ साली प्रागमध्ये जन्म. घरची भाषा जर्मन, मित्रांमध्ये फ्रान्झ काफ्का. पहिल्या महायुद्धानंतर हास बर्लिनला गेले, आधी सिनेमाची परीक्षणं लिहिली आणि मग थेट पटकथाच. मुर्नाऊसारख्या दिग्दर्शकासाठी लिहिलं. १९२५ च्या 'जॉयलेस स्ट्रीट'ची पटकथा त्यांचीच. महागाईने पिचलेलं व्हिएन्ना, मटणाच्या दुकानापुढे रात्रभर रांगेत उभ्या बायका, आणि त्यांच्या भुकेचा फायदा घेणारा खाटीक. यात तरुण ग्रेटा गार्बो होती. अनेक देशांच्या सेन्सॉरने या सिनेमावर कात्री चालवली. त्याच वर्षी हास यांनी 'डी लिटरारिशे वेल्ट' हे साप्ताहिक काढलं आणि ते जर्मन साहित्यातलं मोठं नाव झालं.

१९३३ ला हिटलर सत्तेत आला. हास प्रागला परतले. १९३९ च्या मार्चमध्ये नाझी फौजा तिथेही पोहोचल्या.

आता जायचं कुठं? कॉफमनच्या ओळखीने मुंबईचा रस्ता सापडला. काम मिळालं मोहन भवनानी यांच्याकडे. भवनानी स्वतः जर्मनीत सिनेमा शिकून आलेले. १९३४ मध्ये प्रेमचंदांकडून 'मजदूर' लिहून घेणारे तेच. हास यांनी त्यांच्यासाठी इब्सेनच्या 'घोस्ट्स' नाटकावरून 'झूठी शर्म' लिहिला. 'प्रेम नगर'शीही त्यांचं नाव जोडलेलं आहे. हा तोच १९४० चा सिनेमा, ज्याने नौशाद संगीतकार म्हणून पुढे आले. बर्लिनमध्ये गाजलेला लेखक, आणि आता ज्या भाषेत सिनेमा बनतोय ती भाषाच आपली नाही. लेखकासाठी याहून अवघड काय असेल?

गंमत बघा, युद्ध पेटताच बॉम्बे टॉकीजच्या फ्रान्झ ऑस्टेन यांना जर्मन म्हणून इंग्रजांनी अटक केली. हास यांना मात्र त्याच इंग्रजांनी पुढे देहरादूनला सेन्सॉरच्या कामावर घेतलं. ज्याच्या सिनेमावर कात्री चालली, तोच आता सेन्सॉर!

१९४७ मध्ये ते युरोपात परतले आणि हॅम्बुर्गच्या 'डी वेल्ट'मध्ये समीक्षा लिहू लागले.

आता पत्रांचं. काफ्काने मिलेना येसेन्स्काला लिहिलेली पत्रं तिने १९३९ मध्ये हास यांच्या हवाली केली होती. हास भारतात आले, पत्रं प्रागमध्येच राहिली आणि युद्धातून वाचली. मिलेना वाचली नाही. १९४४ मध्ये राव्हेन्सब्रुकच्या छळछावणीत तिचा मृत्यू झाला. १९५२ मध्ये हास यांनी ती पत्रं संपादित करून छापली. जगभर आजही वाचलं जाणारं 'लेटर्स टू मिलेना' ते हेच.

१९७३ मध्ये हॅम्बुर्गमध्ये हास यांचं निधन झालं.