सावेदादा भाटवडेकर

चित्रपटाचा विषय निघाला म्हणजे आम्हां सर्वांच्या ओठी प्रथम दादासाहेब फाळके यांचे नाव येते, आणि ते योग्यच आहे. परंतु त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ साली पडद्यावर आला, त्याच्या सुमारे चौदा वर्षे आधीच मुंबईत एका मराठी गृहस्थाने हलती चित्रे घेतली होती. योगायोग असा, की त्यांचेही नाव हरिश्चंद्रच!

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांचा जन्म १८६८ सालचा. लोक त्यांस सावेदादा म्हणत. छायाचित्रे काढणे हा त्यांचा व्यवसाय. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंच्या चित्रांचा खेळ झाला. तिकीट एक रुपया. त्या चित्रांत कथा नव्हती. स्थानकात शिरणारी आगगाडी, कारखान्यातून घरी निघालेले कामगार, समुद्रस्नान, एवढेच. असे खेळ पाहून सावेदादांना हलत्या चित्रांचा ध्यास लागला, आणि त्यांनी विलायतेहून एकवीस गिनींचा कॅमेरा मागविला.

तो त्यांनी प्रथम कोणावर रोखला? राजेरजवाड्यांवर नव्हे. १८९९ साली हँगिंग गार्डनमध्ये झालेली एक कुस्ती त्यांनी टिपली! बेळगाव-निपाणीकडे आम्ही लहानपणापासून तालमीच्या मातीत लोळणारे. हे वाचून आमची छाती फुगली, हे कबूल केले पाहिजे. दुसरे चित्र माकडांचे खेळ करणाऱ्याचे. फीत धुण्याची सोय येथे नव्हती. ती विलायतेस पाठवावी लागे आणि परत येईपर्यंत वाट पाहावी लागे. पुढे केंब्रिजला सीनियर रँग्लर झालेले र. पु. परांजपे १९०१ च्या डिसेंबरात मायदेशी परतले, तेव्हा मुंबईत झालेले त्यांचे स्वागतही सावेदादांनी चित्रित केले. हिंदुस्थानातील पहिले वार्ताचित्र म्हणून त्याचा उल्लेख होतो. १९०३ चा दिल्ली दरबारही त्यांच्या कॅमेऱ्याने पाहिला.

नंतर मात्र त्यांनी चित्रण सोडले आणि बोरीबंदरासमोरील गेइटी थिएटरची व्यवस्था पाहिली. १९५८ साली ते निवर्तले. त्या काळच्या फिती चटकन पेट घेणाऱ्या व लवकर कुजणाऱ्या. त्यांच्या फितींपैकी एकही आज पाहावयास मिळत नाही. त्या वेळच्या राजांच्या तसबिरी घरोघरी जपल्या गेल्या, ती कुस्ती मात्र गेली. तिच्यातील मल्लांची नावे तेवढी उरली आहेत : पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी.