काळकर्ते मुळशीत

पावसाळा ओसरल्यावर पुण्याहून ताम्हिणीकडे निघालेल्या प्रवाशाला मुळशीचा जलाशय फार रमणीय वाटतो. त्या पाण्याखाली आंबेमोहोर पिकविणारी भातखाचरे होती, देवळे होती, नांदती घरे होती, हे त्याला सहसा कोणी सांगत नाही. ती जमीन वाचविण्यासाठी १९२१ ते १९२४ या काळात मुळशी पेट्यातील मावळ्यांनी जो सत्याग्रह केला, त्याच्याशी सेनापती बापटांचे नाव कायमचे जोडले गेले, आणि ते यथायोग्यच झाले. परंतु त्या लढ्यात तुरुंग पत्करणाऱ्यांत आणखी एक नाव आहे, जे तेथे पाहून आजचा वाचक क्षणभर थबकेल. मराठी गद्यात उपरोधाला ज्यांनी राजकारणाचे शस्त्र बनविले, त्या ‘काळ’कर्ते शिवराम महादेव परांजपे यांचे ते नाव. १९२२ मध्ये, साठीच्या उंबरठ्यावर असताना, त्यांनी मुळशीच्या शेतकऱ्यांसाठी सहा महिन्यांची शिक्षा भोगली.

परांजप्यांचा जन्म २७ जून १८६४ रोजी महाड येथे झाला. शिक्षणासाठी ते पुण्यास आले, न्यू इंग्लिश स्कूलमध्ये शिकले, पुढे एम.ए. झाले. संस्कृत हा त्यांचा खरा ध्यास. बाणभट्टाच्या ‘कादंबरी’वर त्यांनी संगीत नाटक लिहिले, काही काळ प्राध्यापकीही केली. हे केवळ पांडित्याचे भूषण म्हणून नोंदवावयाचे नाही. स्तुतीच्या मिषाने निंदा करण्याच्या रीतीला संस्कृत साहित्यशास्त्रात व्याजस्तुती असे नाव आहे, आणि शब्दाला वाकवून भलताच अर्थ ध्वनित करण्याची वक्रोक्ती तर तेथे सविस्तर चर्चिली गेली आहे. विद्यार्थ्यांनी परीक्षेपुरते पाठ करावयाचे हे अलंकार परांजप्यांनी वर्तमानपत्राच्या स्तंभांत आणले.

त्यांनी ‘काळ’ साप्ताहिक सुरू केले ते १८९८ मध्ये. ते वर्ष ध्यानात घेतल्याखेरीज त्यांच्या शैलीचे मर्म कळणार नाही. आदल्याच वर्षी प्लेगच्या बंदोबस्तातील जुलमावरून रँडचा खून झाला होता, लोकमान्य टिळकांना राजद्रोहाबद्दल शिक्षा झाली होती, आणि १८९८ मध्येच सरकारने दंडविधानातील १२४ अ हे कलम अधिक व्यापक केले. सरकारविषयी द्वेष किंवा तुच्छता उत्पन्न करणे हा आता स्पष्ट गुन्हा होता. सरळ बोलणाऱ्यासाठी दार बंद झाले. मात्र सरकारची भरघोस स्तुती करण्यास कायद्याची मनाई नव्हती, आणि परांजप्यांनी नेमका तोच मार्ग धरला.

राज्यकर्त्यांच्या न्यायबुद्धीचा, दयेचा आणि प्रजावात्सल्याचा गौरव ते इतक्या तपशिलाने करीत की वाचता वाचता त्या गौरवाच्या शब्दांतूनच वस्तुस्थिती उघडी पडे. कधी ते पुराणातील राजा उभा करीत, कधी परदेशच्या इतिहासातील एखादा प्रसंग सांगत. वाचकाने नाव बदलून घ्यावयाचे, एवढेच. देशी पत्रांवर नजर ठेवण्यासाठी मुंबई सरकारच्या ओरिएंटल ट्रान्सलेटरच्या कचेरीत मजकुराचे इंग्रजी गोषवारे तयार होत. उपरोधाचे भाषांतर करणे म्हणजे अत्तराचे वजन करण्यासारखे आहे. शब्द तराजूत येतात, वास हवेतच राहतो. मुंबईच्या साहेबाच्या मेजावर जी राजनिष्ठ स्तुती म्हणून पोहोचे, ती इकडे शाळामास्तर आणि कारकून दिव्याशी बसून हसत हसत वाचीत, आणि हसून झाल्यावर अस्वस्थ होत. तरुण सावरकरांनी ‘काळ’चे आपल्यावरील ऋण मोकळेपणाने मान्य केले आहे.

या शैलीची मर्यादाही सांगितली पाहिजे. ‘काळ’चा मुख्य रोख परक्या सत्तेकडे होता. स्वकीय समाजाला आरसा दाखविण्याचे काम जोतीराव फुल्यांनी आणि आगरकरांनी ज्या रोखठोकपणे केले, तेवढ्या धारेने परांजप्यांची लेखणी त्या दिशेस वळली नाही. त्यांच्याच जन्मगावी, त्यांच्या हयातीत, १९२७ मध्ये डॉ. आंबेडकरांनी चवदार तळ्याच्या पाण्यावरून समाजाला जो प्रश्न विचारला, त्यात आडपडदा मुळीच नव्हता. शिवाय वक्रोक्तीला वाचक हुशार लागतो. ज्याला वाचता येत नाही, अशा शेतकऱ्याच्या पदरात तिचे काय पडावे?

दहा वर्षे ही लपाछपी चालली. १९०८ मध्ये मुझफ्फरपूरच्या बॉम्बप्रकरणानंतर ‘काळ’मध्ये आलेल्या लिखाणावरून परांजप्यांना अटक झाली. त्यांच्या खटल्यासाठी मुंबईत आलेले टिळक तेथेच पकडले गेले. परांजप्यांना एकोणीस महिन्यांची शिक्षा झाली. सुटून आल्यावर १९१० च्या छापखान्यांच्या कायद्याखाली जबर जामीन मागण्यात आला आणि ‘काळ’ बंद पडला. त्यातील निवडक निबंधांचे खंडही सरकारने जप्त केले. एखाद्या लेखकाची स्तुतीसुद्धा सरकारला भय वाटण्याजोगी ठरावी, हा त्याच्या शैलीला मिळालेला अभिप्रायच म्हणावयाचा.

मधली वर्षे नाटके, कादंबऱ्या, व्याख्याने यांत गेली. १९२० मध्ये त्यांनी ‘स्वराज्य’ साप्ताहिक काढले, आणि टिळकांच्या निधनानंतर, टिळकपक्षातील अनेक सहकारी गांधीजींकडे साशंकतेने पाहत असताना, असहकाराची बाजू घेतली. येथून त्यांच्या आयुष्याचा जो भाग सुरू होतो, त्याकडे चरित्रकार घाईने पाहतात. वास्तविक त्यांच्या प्रामाणिकपणाची खरी परीक्षा तेथेच झाली.

कारण मुळशीत समोर गोरा साहेब नव्हता. नीला आणि मुळा या नद्यांच्या संगमाजवळ धरण बांधून मुंबईला वीज पुरविण्याची योजना टाटांची, म्हणजे स्वदेशी भांडवलाची होती. ज्या घराण्याच्या पोलादाच्या कारखान्याचा स्वदेशीच्या व्याख्यानांत अभिमानाने उल्लेख होई, त्याच घराण्याच्या कंपनीसाठी सरकार १८९४ च्या भूमिसंपादन कायद्याने सुमारे पन्नास गावांची जमीन घेत होते. विजेचे दिवे, गिरण्यांची भरभराट, देशाची प्रगती असा सारा शब्दसंभार कंपनीच्या बाजूस होता. शेतकऱ्याच्या बाजूस फक्त त्याचे खाचर होते. शिवाय पेट्यातील बऱ्याच जमिनी पुण्याच्या सावकारांकडे गहाण पडलेल्या किंवा त्यांच्या नावावर चढलेल्या होत्या, आणि त्यांतील पुष्कळांचे लक्ष नुकसानभरपाईच्या आकड्याकडे होते. परांजप्यांचा वाचकवर्ग ज्या शहरातील, ते सावकारही त्याच शहरातील.

१६ एप्रिल १९२१ रोजी, रामनवमीच्या दिवशी, सत्याग्रह सुरू झाला. बाराशेच्या आसपास मावळे धरणाच्या कामावर जाऊन बसले. काम थांबले, पुन्हा सुरू झाले, आणि वर्षअखेरीस तुरुंग भरण्याचे दुसरे पर्व आले. परांजप्यांना यावर एखादा खुमासदार लेख लिहून घरी बसता आले असते. दुसऱ्याच्या शेतावर उभ्या राहणाऱ्या प्रगतीइतका व्याजस्तुतीला योग्य विषय क्वचित मिळतो. परंतु ज्यांची घरे बुडावयाची होती त्यांना ध्वन्यर्थाचा उपयोग नव्हता, आणि परक्यांना मारलेल्या टोमण्यांवर हसणारा सुशिक्षित वाचक स्वकीयांच्या भांडवलावरील टोमण्याला तितक्याच खुषीने हसला असता, याची खात्री नव्हती. ज्याने आयुष्यभर आडून बोलून कायद्याला चकविले, तो या वेळी उघडपणे कायद्यापुढे जाऊन उभा राहिला.

सत्याग्रह यशस्वी झाला नाही. सावकारांनी मोबदला घेतला, शेतकऱ्यांची फळी फुटली, बापटांनी अखेर आगगाडी अडविण्याचा मार्ग पत्करून सात वर्षांची शिक्षा ओढवून घेतली. १९२७ मध्ये वीजघर सुरू झाले. परांजपे पुन्हा लेखनाकडे वळले. मराठ्यांच्या लढायांचा इतिहास त्यांनी १९२८ मध्ये प्रसिद्ध केला. १९२९ मध्ये बेळगावच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद त्यांच्याकडे आले, आणि त्याच वर्षी २७ सप्टेंबरला त्यांचे देहावसान झाले. संमेलनाने ज्यांना अध्यक्ष केले, त्यांचे निबंध त्या दिवशीही सरकारजमाच होते. मुळशीचे पाणी तोवर सह्याद्रीच्या पोटातून उतरून भिऱ्याच्या वीजघरात पोहोचत होते. ते भिरा गाव परांजप्यांच्या महाडच्याच जिल्ह्यात आहे.