घरोघर हिंडलेला विद्वान

अमेरिकेच्या ईशान्य भागात, मॅसॅच्यूसेट्स राज्यात, ग्रेट बॅरिंग्टन नावाचे एक लहानसे गाव आहे. २३ फेब्रुवारी १८६८ रोजी या गावी एका गरीब कृष्णवर्णीय कुटुंबात विल्यम एडवर्ड बर्गहार्ट डू बॉइस यांचा जन्म झाला. अमेरिकेतील गुलामगिरी १८६५ साली कायद्याने नष्ट झाली होती. आणि विल्यमच्या जन्माच्याच वर्षी राज्यघटनेत दुरुस्ती होऊन तेथील कृष्णवर्णीयांना नागरिकत्वाचा हक्क मिळाला. परंतु कागदावरचा हक्क आणि रस्त्यात, शाळेत, बाजारात मिळणारी वागणूक यांत केवढे अंतर असते, हे शोधण्यात व ते मिटविण्यासाठी झगडण्यातच या मुलाचे आयुष्य खर्ची पडावयाचे होते.

विल्यम अगदी लहान असतानाच वडील घर सोडून गेले. आईने कष्ट करून त्याला वाढविले. मुलगा अभ्यासात हुशार होता आणि गोऱ्या मुलांत मिळूनमिसळून खेळत असे. एकदा वर्गातील मुलांनी हौसेने भेटकार्डे विकत आणली व ती एकमेकांना देण्याचा खेळ मांडला. सारी मुले आनंदात होती. इतक्यात शाळेत नव्यानेच आलेल्या एका मुलीने विल्यमचे कार्ड घेण्याचे नाकारले. प्रसंग लहानसाच, पण आपल्याला इतरांहून निराळे लेखले जाते, हे त्या दिवशी त्याला प्रथम कळले. तो सल जन्मभर राहिला.

१८८५ साली आई वारली. गावातील काही सहृदय लोकांनी पैसे जमवून त्याला टेनेसी राज्यातील फिस्क विद्यापीठात धाडले. सुटीच्या दिवसांत हा तरुण विद्यार्थी एका दूरच्या खेड्यात शिक्षक म्हणून जाई. तेथील शाळा म्हणजे मका साठविण्याची लाकडी खोपटी होती. तिला दार नव्हते. गुरुजींची खुर्चीही घरमालकिणीकडून उसनी आणलेली. ती रोज संध्याकाळी परत करावी लागे. तरीही अक्षरओळखीसाठी मुले मैलोगणती चालत येत.

पुढे डू बॉइस यांनी हार्वर्ड व बर्लिन या विख्यात विद्यापीठांत अध्ययन केले. १८९५ साली हार्वर्डची डॉक्टर ही पदवी मिळविणारे ते पहिले कृष्णवर्णीय ठरले. परंतु एवढ्या मोठ्या विद्वानालाही गोऱ्यांच्या विद्यापीठात प्राध्यापकाची जागा मिळेना!

१८९६ साली पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाने फिलाडेल्फिया शहरातील कृष्णवर्णीयांच्या स्थितीची पाहणी करण्याचे काम त्यांच्याकडे सोपविले. शहरातील गुन्हेगारीचे व गलिच्छपणाचे मूळ या लोकांच्या रक्तातच आहे, अशी पुष्कळ गोऱ्यांची समजूत होती. डू बॉइस यांनी ती ऐकून घेतली नाही आणि रागाने झिडकारलीही नाही. ती तपासून पाहण्याचे त्यांनी ठरविले. पत्नीसह ते त्याच वस्तीत एका खोलीत राहिले. हातात प्रश्नांचे कागद घेऊन त्यांनी एकामागून एक दारे ठोठावली. घरात माणसे किती, कमाई किती, भाडे किती, मुले शाळेत जातात काय, असे ते विचारीत व टिपून घेत. परका माणूस घरच्या गोष्टी विचारतो म्हणून काही लोक नाराज होत. पण त्यांनी हळूहळू हजारो लोकांशी संवाद साधला. मग त्यांनी नकाशावर घरे निरनिराळ्या रंगांनी दाखविली. सुखवस्तू, कष्टकरी, दरिद्री असे सारे थर त्या वस्तीत होते! तेथील दोषही त्यांनी झाकले नाहीत. मात्र चांगल्या नोकऱ्यांची दारे बंद आणि वाईट घरांना भाडे जबर, ही त्यांची खरी कारणे आकड्यांनिशी मांडली. १८९९ साली हा ग्रंथ प्रसिद्ध झाला. समाजशास्त्रात तो आजही आदराने वाचला जातो.

त्याच सुमारास ते अटलांटा येथे प्राध्यापक होते. दक्षिणेत वर्णभेद अधिक कडक होता. १९०२ साली तेथे सार्वजनिक ग्रंथालय उघडले. परंतु कृष्णवर्णीयांना आत प्रवेश नव्हता. डू बॉइस यांनी विश्वस्तांपुढे जाऊन त्याचा निषेध केला. कोठे निरपराध कृष्णवर्णीयांना जमाव ठार मारी, तर कोठे त्यांचा मतदानाचा हक्क युक्तीने हिरावला जाई. सत्य सिद्ध केले की अन्याय आपोआप थांबेल, ही त्यांची आशा मावळली. १९०९ साली हक्करक्षणासाठी राष्ट्रीय संस्था स्थापन झाली, तिच्या संस्थापकांत ते होते. १९१० साली सुरू झालेल्या ‘क्रायसिस’ मासिकाचे ते संपादक झाले. आरंभी एक हजार छापले जाणारे हे मासिक १९१९ पर्यंत सुमारे एक लाख प्रतींवर गेले.

त्यांचे कार्य भारतातही ज्ञात होते. १९४६ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी त्यांना पत्र लिहून, कृष्णवर्णीयांच्या वतीने संयुक्त राष्ट्रांकडे केलेल्या अर्जाची प्रत मागविली. डू बॉइस यांनी सहानुभूतीने उत्तर धाडले. दोन खंडांतील दोन दुःखांची ओळख पटली.

वार्धक्यातही त्यांना स्वस्थता लाभली नाही. १९५१ साली, शांततेच्या प्रचारामुळे, सरकारने त्यांच्यावर खटला भरला. ते निर्दोष सुटले, तरी पुढे काही वर्षे त्यांना परदेशी जाण्याचा परवाना नाकारण्यात आला. १९६१ साली ते आफ्रिकेतील घाना देशात गेले व अखेरीस तेथील नागरिक झाले. २७ ऑगस्ट १९६३ रोजी, वयाच्या ९५ व्या वर्षी, आक्रा येथे त्यांचे निधन झाले.

दुसऱ्याच दिवशी समान हक्कांसाठी दोन लाखांहून अधिक लोक वॉशिंग्टन येथे जमले होते. तेथे ही वार्ता सांगण्यात आली. पुढील वर्षी, १९६४ साली, सार्वजनिक ठिकाणी वर्णभेद करण्यास मनाई करणारा कायदा झाला. एका मुलाचे कार्ड नाकारले गेले होते. त्याने आपल्या दुःखाचे रूपांतर द्वेषात न करता अभ्यासात केले आणि तो अभ्यास साऱ्यांच्या हक्कासाठी वेचला.