वॉटर्लू जिंकणाऱ्या ड्यूकला सगळ्यात मोठी वाटली ती आपल्या असईची लढाई

जालना जिल्ह्यातलं असई गाव. केळणा आणि जुई या दोन नद्यांच्या बेचक्यातला हा परिसर. २३ सप्टेंबर १८०३ रोजी इथे जी लढाई झाली, ती लढलेला इंग्रज सेनापती पुढे जगभर गाजला. त्याचं नाव आर्थर वेलस्ली, म्हणजेच ड्यूक ऑफ वेलिंग्टन.

जन्म १७६९ चा, आयर्लंडमधल्या सरदार घराण्यातला. वडील लवकर गेले, घरात पैशाची ओढाताण. पोरगा अभ्यासात यथातथाच, व्हायोलिन वाजवण्यात रमणारा. हा दुसऱ्या कशाच्या कामाचा नाही म्हणून आईने त्याला फौजेत घातलं. तेव्हा इंग्रजी फौजेत अधिकाराच्या जागा पैसे देऊन मिळत. पुढे आवडत्या मुलीच्या घरच्यांनी स्थळ नाकारलं. तेव्हा त्याने आपली व्हायोलिनं जाळून टाकली आणि फौजेच्या कामात स्वतःला झोकून दिलं.

१७९७ मध्ये तो हिंदुस्थानात आला. पुढच्याच वर्षी थोरला भाऊ गव्हर्नर जनरल झाला, त्यामुळे वाट सोपी झाली. पण असईला भावाचा वशिला कामाचा नव्हता.

समोर शिंदे आणि नागपूरकर भोसले यांची फौज होती. हजारो घोडेस्वार, कवायती पायदळ आणि सुमारे शंभर तोफा. वेलस्लीकडे माणसं साडेचार हजारांच्या आसपास. केळणा ओलांडायला उतार नाही, असं वाटाड्यांनी सांगितलं. पण नदीच्या दोन्ही काठांवर समोरासमोर दोन गावं त्याला दिसली. गावं अशी वसली आहेत म्हणजे माणसं येत-जात असणार आणि उतारही असणारच, हे त्याने ताडलं. आपल्याकडच्या कुठल्याही शेतकऱ्याने हेच सांगितलं असतं!

उतार सापडला, पण पुढे तोफांचा मारा होता. त्याच्या शेजारचा स्वार नदीतच ठार झाला. त्याचे स्वतःचे घोडेही जखमी झाले. मराठ्यांचे गोलंदाज तोफा सोडून पळाले नाहीत. काहीजण मेल्यासारखे पडून राहिले आणि शत्रू पुढे जाताच उठून त्यांनी पाठीमागून तोफा डागल्या. इंग्रजांकडचे दीड हजारांवर लोक मेले वा जखमी झाले. त्यात मद्रासकडचे देशी शिपाईही पुष्कळ होते. विजय मिळाला, पण फार महागात पडला.

त्यानंतर आडगाव आणि चिखलदऱ्याजवळचा गाविलगडही त्याने घेतला. १८०५ मध्ये तो मायदेशी परतला, खासदार झाला, स्पेन-पोर्तुगालमध्ये लढला आणि १८१५ मध्ये वॉटर्लूला नेपोलियनला हरवलं.

१८२८ मध्ये तो पंतप्रधान झाला. कॅथलिकांना संसदेची दारं उघडणारा कायदा त्याने स्वपक्षाचा विरोध पत्करून केला. पण सामान्यांना मताचा हक्क वाढवून द्यायला ठाम नकार दिला. त्यातच १८३० मध्ये सत्ता गेली. चिडलेल्या लोकांनी त्याच्या लंडनमधल्या वाड्याच्या काचा फोडल्या, तेव्हा त्याने खिडक्यांना लोखंडी झडपा बसवल्या.

१८५२ मध्ये तो वारला. म्हातारपणी त्याला विचारलं होतं, रणांगणावरची तुमची सर्वात चांगली कामगिरी कोणती? त्याने वॉटर्लूचं नाव घेतलं नाही, असईचं घेतलं.

त्याचं नाव इतिहासाने मोठ्या अक्षरात लिहिलं. तोफेजवळच पडलेल्या आपल्या गोलंदाजांची नावं मात्र आज कुणालाच ठाऊक नाहीत. पण असईचा विजय त्याला एवढा मोठा वाटला, तो त्यांनी दिलेल्या झुंजीमुळेच. असईवरून जाताना एवढं तरी आठवावं.